दुसरा प्रवासी

बोळिंज, १० मार्च २०२४

ताईंना नमस्कार,

फोनवर तुम्हाला ऐकू येत नाही आणि तुमच्या संग्रामच्या मोबाइलवर काही पाठवलं तर तुमच्याआधी तोच वाचतो, म्हणून सरळ कागद घेऊन बसले. लग्नानंतर पहिल्या वर्षी तुम्हाला एक पत्र लिहिलं होतं. त्यात माझी भाकरी फुगत नाही ही तक्रार होती. तेव्हा जगात एवढीच तक्रार होती माझी.

रेल्वेवर दावा लावायचं ठरवलंय. प्रीतम रेल्वे अपघातात गेला, तर त्याची भरपाई मागायचा हक्क बायको-मुलीला आहे, असं वकील थॉमस सांगतात. वसईचेच आहेत, म्हातारे आहेत, पण या एकाच कामात केस पिकवलेत. ते म्हणाले, "बाय, दोन गोष्टी सिद्ध करायच्या. तो गाडीतून पडला, रूळ ओलांडताना नाय मेला. आनि त्याच्याकडे तिकीट होतं. नुसतं रडून ट्रिब्युनलला काय कळत नाय."

इथेच घोडं अडलंय. पंचनाम्यात त्याच्या खिशात पाकीट, फुटलेला मोबाइल आणि विरार-नायगाव पास सापडला एवढंच लिहिलंय. आणि तो सापडला कुठे, तर सफाळ्याच्या अलीकडे रुळांच्या कडेला. नायगावला ऑफिसला गेलेला माणूस भर दुपारी विरारच्या वर कशाला जाईल? मला शपथपत्रात लिहायचंय की माझा नवरा कुठून कुठे आणि कशासाठी चालला होता. ताई, मला ते माहीतच नाही. सकाळी डबा घेऊन "येतो" म्हणून गेला, एवढं माहीत आहे.

तो तुमच्याकडेच येत होता का? भाऊबीजेनंतर तुमचं काही बोलणं झालं होतं? तुम्ही त्याला अंगाखांद्यावर वाढवलंत. माझ्याशी बोलला नाही ते तुमच्याशी बोलला असेल, आणि असेल तर मला राग नाही. फक्त सांगा.

ज्ञानदा आठवण काढते.

तुमची,
क्षितिजा


केळवे, २ एप्रिल २०२४

क्षितिजाला आशीर्वाद,

पत्र वाचून दोन दिवस जेवण गेलं नाही. नाही ग, भाऊबीजेनंतर त्याची माझी गाठ पडली नाही. इकडे यायचा असता तर कळवून आला असता. त्याच्या आवडीचं काही करून ठेवलं असतं मी.

एक सांगू? थोरली म्हणून सांगते. तुझी पतपेढीतली नोकरी आहे, राहतं घर आहे. गेलेल्या माणसाच्या मरणाची भरपाई मागत कचेऱ्या कशाला झिजवायच्या? वकील काय, दुसऱ्याच्या घरच्या आगीवर आपली भाकरी भाजणार. लोक म्हणतील, नवऱ्याचं वर्षश्राद्ध व्हायच्या आत हिला पैसे सुचले.

तब्येतीला जप. पोरीला सुट्टीत पाठव. आंब्याला मोहोर बरा आहे.

ताई


बोळिंज, २५ सप्टेंबर २०२४

ताई,

रेल्वेचं उत्तर आलं. थॉमसनी मला समोर बसवून वाचून दाखवलं. मृत इसमाकडे त्या प्रवासाचं तिकीट नव्हतं. पास दुसऱ्या दिशेचा होता. गाडीतून पडताना कोणी पाहिलं नाही. सबब तो प्रवासी नव्हताच, रुळांतून चालताना स्वतःच्या निष्काळजीपणाने मेला. म्हणजे माझा नवरा रेल्वेच्या लेखी रुळात शिरलेल्या गुरासारखा.

तुम्ही पैशांचं लिहिलंत ते मनाला लागलं, पण धरून बसले नाही. पैसे नको आहेत असं मी म्हणणार नाही, ज्ञानदा आता आठवीत आहे. पण त्याहून मला हे हवंय की तो कसा गेला ते कोणीतरी कागदावर नीट लिहावं.

आणि लोकांचं म्हणाल तर लोकांनी केव्हाच लिहून टाकलंय. खालच्या मजल्यावरची बेला माझी चांगली मैत्रीण, तिच्याही तोंडून परवा निसटलं, "सफाळ्याला कोणी होतं का ग त्याचं?" वरवर मी हसले. घरी येऊन त्याच्या सगळ्या शर्टांचे खिसे उलटे केले. मला माझीच लाज वाटली, तरी केले.

त्याच्या ऑफिसात शॅनन म्हणून एक मुलगी आहे, पापडीची. त्याच्या तोंडी तिचं नाव फार असायचं. शॅननने असं केलं, शॅनन असं म्हणाली. तेव्हा मी चिडवायचे त्याला. ताई, तुम्हाला कधी काही वाटलं होतं का? तुमच्या भावाबद्दल विचारतेय हे मला कळतंय. पण आता मला दुसरं कोण आहे विचारायला?

क्षितिजा


केळवे, १४ ऑक्टोबर २०२४

क्षितिजा,

हे लिहू की नको असं कितीदा झालं. तू विचारलंस म्हणून लिहिते.

भाऊबीजेला आमच्याकडे जेवत असताना त्याला फोन आला. ताटावरून उठून तो मागे वाडीत गेला आणि बराच वेळ बोलत बसला. मी हात धुवायला गेले तर मला बघून बोलणं तोडलं. मी काही विचारलं नाही. पुरुषाची जात, त्यांच्या मनातलं आईलाही कळत नाही, मी तर बहीण.

म्हणून म्हणते, दावा मागे घे. उद्या ट्रिब्युनलात तो रेल्वेचा वकील चारचौघांत विचारील, तुमचा नवरा तिकडे कोणाकडे जात होता? काय सांगशील? पोरगी वयात आलीय. झाकली मूठ सव्वा लाखाची. त्याच्या नावाला चिखल लागू नये एवढंच मला वाटतं.

ताई


बोळिंज, १९ जानेवारी २०२५

सुनंदाताई,

तीन महिने मी तुमच्या पत्रावर जगले. तुम्ही लिहिलेला त्याचा तो वाडीतला फोन मी उशाशी घेऊन झोपत होते. दावा मागे घ्यायचा अर्जही थॉमसकडून लिहून घेतला होता. सही तेवढी होत नव्हती.

मागच्या आठवड्यात मी नायगावला त्याच्या ऑफिसात गेले. शॅननच्या टेबलासमोर उभी राहिले आणि जे तोंडाला येईल ते बोलले. सगळं ऑफिस बघत होतं. तिच्या आईबापाचा उद्धार केला. मी, जी पतपेढीत गिऱ्हाइकाला 'अहो-जाहो' सोडून बोलत नाही. ती पोर उठली, मला खुर्ची दिली, म्हणाली, "वहिनी, तुम्ही आधी पाणी प्या."

मग म्हणाली, "तो तर ताईंना सोडायला गेला होता ना! मला बोलला, शॅनन, आज हाफ डे टाकतोय, साइटचं तू बघ. ताई रजिस्ट्रेशनला येणारेत विरारला, ते आटपून त्यांना केळव्याला सोडून येतो. मला वाटलं तुम्हाला सगळं माहितीये. म्हणून तर मी कधी काही बोलले नाही."

मी तिच्या पाया पडायला गेले तर तिने पडू दिलं नाही.

ताई, तुम्ही त्या दिवशी विरारला होतात. माझ्या घरापासून हाकेच्या अंतरावर होतात आणि माझ्याकडे चहाला आला नाहीत. त्याच्याबरोबर गाडीत होतात. दुसऱ्या दिवशी त्याच्या मढ्यावर पडून "माझा भाऊ कुठे चालला होता ग" म्हणून तुम्ही आक्रोश केलात, आणि मी तुम्हाला सावरत होते!

तुम्ही नुसत्या गप्प राहिला असतात तर वाईट वाटलं असतं, तरी गिळलं असतं. पण तुम्ही मला त्याच्याविरुद्ध उभं केलंत. माझ्या हातात एक खोटी बाई दिलीत आणि म्हणालात, हिला घेऊन जन्म काढ.

कसलं रजिस्ट्रेशन होतं?

क्षितिजा


केळवे, ११ फेब्रुवारी २०२५

क्षितिजा,

तुला आशीर्वाद लिहायचं तोंड मला राहिलं नाही.

बाबा गेले तेव्हा मी बोळिंजच्या वाडीवरचा हक्क सोडला होता. आपल्यात बहिणी सोडतातच. नवी साडी नेसून गेले, सही केली, पेढा खाऊन आले. तेव्हा वाडीत केळी होत्या आणि सोनचाफा होता. आता तिथे चारी बाजूंनी इमारती आल्यात, तुला ठाऊक आहे. इकडे संग्रामचे वडील गेले, पानवेल रोगाने बसली, संग्रामचा धंदा एकही धड लागला नाही. प्रीतमला ते दिसत होतं. भाऊबीजेला ओवाळून झाल्यावर तो म्हणाला, "ताई, चाफ्याकडची बाजू तुझी. ओवाळणी समज. क्षितिजाला मी सावकाश सांगतो, आत्ता नको." तो फोन मुद्रांकाचं काम करणाऱ्याचा होता. मला ते तेव्हाही माहीत होतं, आणि तुला लिहितानाही माहीत होतं.

त्या दिवशी बक्षीसपत्रावर सह्या झाल्या. विरारला त्यानेच दोघांचं मिळून एक तिकीट काढलं. मला बायकांच्या डब्यात बसवलं आणि तिकीट माझ्या हातात दिलं. म्हणाला, "तुला ऐकू येत नाही, कोणी तिकीट विचारलं तर गोंधळशील, हे हातातच धर. मी शेजारच्या डब्यात आहे." अगं, लहानपणी मी त्याचा हात धरून त्याला रस्ता ओलांडून द्यायचे आणि शेवटी तो मला असा जपत होता.

केळवे रोडला मी उतरले. तो उतरला नाही. वाटलं डोळा लागला असेल, पालघरहून उलटा येईल. बाकावर बसून राहिले. संग्राम न्यायला आला, त्याने फोन लावले, उचलले नाहीत. संध्याकाळी तुझा फोन आला तेव्हा संग्रामने तो खाली ठेवला आणि मला म्हणाला, "आये, तू आज विरारला गेलीसच नाय. कोनी विचारलं तर घरीच होतीस."

मी घरीच होते असं म्हणत गेले. सही घेतली आणि त्याच दिवशी भावाला खाल्लं, असं सगळी जात म्हणाली असती. तू बक्षीसपत्रावर भांडशील असंही वाटलं. एकदा खोटं बोलले, मग त्याला टेकू द्यायला दुसरं. बाईचं कुठून सुचलं ते देवाला ठाऊक. मी लिहिलं, एवढं खरं.

तिकीट मी टाकलं नाही. देवाच्या फळीवर होतं, ते सोबत पाठवते. तुला सापडलं म्हण, त्याच्या डब्याच्या पिशवीत. माझं नाव तेवढं घेऊ नको. तुझं कामही होईल आणि माझंही झाकलं जाईल.

ताई


बोळिंज, २ मार्च २०२५

ताई,

तिकीट मिळालं. आधी बराच वेळ नुसतं हातात धरून बसले.

मग थॉमसना दाखवलं. म्हातारा खुर्चीतून उठलाच. तारीख तीच, विरार ते केळवे रोड. पण पुढच्या क्षणी खाली बसला. म्हणाला, "बाय, यावर मोठी मानसं दोन लिवलंय. दुसरं मानूस कोन?"

तुम्ही हा विचार केलाच नाहीत, की करून पाठवलंत? पिशवीत सापडलं म्हणून मी शपथेवर खोटं बोलले असते, तरी ट्रिब्युनल हेच विचारणार. आणि मी गप्प बसले की दुसरं माणूस कोण हे बेलापासून रेल्वेच्या वकिलापर्यंत सगळ्यांना आपोआप कळणार. तुमच्या तिकिटाने तो प्रवासी ठरेल आणि त्याच तिकिटाने बदफैली ठरेल.

जमिनीचं बोलायचं तर खोटं कशाला बोलू, मी भांडले असते. चार दिवस त्याच्याशी अबोला धरला असता. आणि पाचव्या दिवशी सही करायला त्याच्या शेजारी उभी राहिले असते, कारण तुमचं तुम्हाला मिळायला हवंच होतं. त्यानेही मला हे करू दिलं नाही. त्याचा राग मी कोणावर काढू? तो तर नाही.

चाफ्याकडची बाजू तुमची. बक्षीसपत्राला मी हात लावणार नाही, हे पत्र जपून ठेवा. बदल्यात एकच करा. या आणि सांगा, की दुसरी प्रवासी मी होते, त्याची बहीण. एवढ्या एका वाक्यासाठी मी तुमचं बाकी सगळं विसरायला तयार आहे.

सुनावणी १७ जूनला आहे, मुंबईत.

क्षितिजा


केळवे, ६ एप्रिल २०२५

क्षितिजा,

तुझं पत्र पुन्हा पुन्हा वाचलं. तू माझ्यापेक्षा मोठ्या मनाची निघालीस.

मी येते. संग्राम काही म्हणो, मी त्याला सांगितलंय. कानाचं यंत्र घेतलंय, न्यायाधीश काय विचारतात ते ऐकू यायला हवं ना. आदल्या दिवशी तुझ्याकडेच मुक्कामाला येईन. ज्ञानदाला सांग, आत्या येतेय. आणि त्या शॅननला माझ्या वतीने हात जोड.

प्रीतमची शपथ, मी येते.

ताई


बोळिंज, १८ जानेवारी २०२६

सुनंदाताई,

निकाल लागला, तो कळवते. यापुढे कळवण्यासारखं काही उरणार नाही.

१७ जूनच्या आदल्या रात्री ज्ञानदाने तुमच्यासाठी तिची खोली आवरून ठेवली होती. संग्रामचा निरोप आला, "मामी, आईचा गुडघा सुजलाय." सुजला असेल म्हटलं. थॉमस म्हणाले, समन्स काढू. मी नको म्हटलं. म्हटलं, त्या शपथ घालून येते म्हणाल्यात, त्यांना पोलिसासारखं ओढून आणायचं नाही. ट्रिब्युनलने सप्टेंबरची तारीख दिली. त्या तारखेलाही मी दरवाजाकडे बघत बसले होते.

शॅनन दोन्ही वेळा आली. रजा टाकून, मी तिला जे बोलले ते पोटात घालून. तिने सगळं सांगितलं. रेल्वेच्या वकिलाने तिकीट वर धरलं आणि तिला विचारलं, "ही दुसरी प्रवासी तुम्हीच होतात ना?" भर कचेरीत. त्या पोरीचे कान लाल झाले. तिने ऑफिसच्या हजेरीची प्रत पुढे केली, तेव्हा कुठे त्याने सोडलं. जो प्रश्न तुमच्यासाठी होता तो तिने झेलला, ताई.

तुमचं फेब्रुवारीचं पत्र थॉमसनी हजर केलं. तो वकील हसला. लिहिणारी बाई कुठे आहे, म्हणाला. घरात बसून नणंद-भावजय अशी पत्रं हवी तितकी लिहू शकतात.

सप्टेंबरच्या त्या तारखेला संध्याकाळी मी घरी आले तर बेला जिन्यातच भेटली. म्हणाली, "तुझी नणंद आलेली की आज! वाडीवर मोजणीवाले होते, चाफ्याखाली खुर्ची टाकून बसलेली. गुडघा बरा दिसला." मी मुंबईत तुमची वाट बघत होते आणि तुम्ही इथे, माझ्या दारात, कोपरे मोजून घेत होतात. जी जमीन मी तुम्हाला लिहून सोडली होती तीच! कशाची घाई झाली होती? मी उलटेन असं वाटलं? तुम्ही मला स्वतःसारखी समजलात.

दावा मंजूर झाला. प्रीतम प्रवासी होता, त्याच्यासाठी तिकीट काढलेलं होतं, तो चालत्या गाडीतून पडून मेला, असं आता सरकारी कागदावर आहे. थॉमस माझे दोन्ही हात हातात घेऊन म्हणाले, "जिंकलीस, बाय." आणि खाली पुढच्या परिच्छेदात लिहिलंय, की मृताबरोबरचा दुसरा प्रवासी कोण होता हे अर्जदाराला सिद्ध करता आलेलं नाही, परंतु दाव्याच्या निर्णयासाठी ते आवश्यकही नाही. रेल्वेला ते आवश्यक नाही. मला होतं. आता कोणीही हा निकाल वाचला की त्याच एका ओळीवर थांबेल.

काल ज्ञानदा थांबली. नववीत आहे, सगळं समजतं. मी तिच्यापुढे तुमची सगळी पत्रं ठेवली, एकही लपवलं नाही. तिने ऑक्टोबरचं वाचलं, बाबांच्या फोनचं. मग फेब्रुवारीचं वाचलं. मग पुन्हा ऑक्टोबरचं हातात घेतलं आणि मला म्हणाली, "आई, आत्या दोन्ही वेळा तितक्याच खरेपणाने लिहिते. मी यातलं कुठलं खरं धरू?"

फेब्रुवारीचं धर असं मी सांगितलं असतं तर ते आईने बापाची बाजू सावरल्यासारखं झालं असतं. आता माझ्या सांगण्यावर तिचा विश्वास बसेल, पण पुरता नाही. सगळा कधीच बसणार नाही. तुम्ही तिचा बाप दोनदा नेलात.

येत्या रविवारी ती केळव्याला येतेय. तिनेच ठरवलंय, शॅनन तिच्याबरोबर येईल. मी येणार नाही. ती तुम्हाला एकच विचारणार आहे आणि तुमच्या तोंडाकडे बघत विचारणार आहे. संग्रामला बाहेर पाठवा. ट्रिब्युनलला चुकवलंत तसं हिला चुकवू नका. तिला पैसे नकोत, जमीन नको. तिला तिचे बाबा कोणाबरोबर होते ते ऐकायचंय, आणि ते सांगू शकेल असं जगात तुमच्याशिवाय कोणी नाही.

क्षितिजा